पाणटोळांचा निरोप

दारावरची घंटा वाजली तेव्हा वहिनी खोलीत येरझारा घालत होत्या आणि त्यांच्यामागे मान फिरवून फिरवून भाऊजी दमले होते. हातात काम नसलं की वहिनींच्या पायांना चाकं फुटत. सकाळपासून त्यांनी खिडकीचे पडदे बदलून पुन्हा पहिलेच लावले होते, भिंतीवरचं घड्याळ उघडून परत जोडलं होतं आणि आता त्यांची नजर भाऊजींच्या चष्म्याच्या सैल काडीवर पडली होती. म्हणून घंटा ऐकून भाऊजींनी सुटकेचा श्वास सोडला.

दारात एक तरुण मुलगी उभी होती. बोटं पिवळी पडलेली, कपड्यांना गंधकाचा वास आणि झोप विसरलेले डोळे. बस म्हटलं तरी ती बसली नाही.

"आज संध्याकाळी ते उरलंसुरलं जाळणार आहेत," ती म्हणाली. "त्याच्या आत तुम्ही आलात तर उपयोग आहे. नंतर येऊन काय करणार?"

वहिनी पूर्वी कोर्टात लघुलेखिका होत्या. साक्षीदार बोलत आणि त्या खुणांनी उतरवून घेत. शब्द कसा लिहितात तो नव्हे, कसा ऐकू येतो तो. त्या कामात त्यांचा कान असा तयार झाला की नोकरी सुटल्यावर लोक आपणहून त्यांच्याकडे तंटे घेऊन येऊ लागले, आणि बघता बघता त्या खासगी तपासनीस झाल्या. भाऊजी त्यांचे दीर, दातांचे डॉक्टर. दवाखाना मुलाच्या हवाली केल्यापासून त्यांच्यापाशी वेळ भरपूर होता आणि वहिनींपाशी तो कधीच नसे, त्यामुळे दोघांचं छान जमे.

मुलीनं उभ्याउभ्याच हकिकत सांगितली.

ती तळ्याकाठच्या संशोधन केंद्रात कामाला होती. तिथलं कीटकघर तिचे मामा सांभाळत. होते तिच्या आईचे भाऊ, पण सगळं केंद्रच त्यांना मामा म्हणे. तळ्याला जलपर्णीनं विळखा घातला होता. होड्या अडकत, मासे गुदमरून मरत, आणि काठावरून पाहिलं तर पाण्याच्या जागी हिरवं रानच दिसे. मामांनी त्यावर उतारा म्हणून दूरच्या पाणथळीतून एक टोळ आणून वाढवला होता. हा टोळ पाण्यावरच्या झाडांवर राहतो, जलपर्णी खातो आणि वेळ आली की सरळ पाण्यात उतरतो, म्हणून तो पाणटोळ. शेजारच्या खोलीत दुसरा टोळ होता. तो कुंड्यांतल्या झाडांवर राही आणि हुबेहूब पानासारखा दिसे, म्हणून तो पानटोळ. दोन दारं, दोन पाट्या आणि फरक एका अक्षराचा.

परवा दुपारी फाटकावरच्या टेलिफोनबाईंनी तिला आतल्या फोनवरून निरोप दिला. मामांचा घरून फोन आला होता. पाणटोळांना बुरशी लागली आहे, खोलीला लगेच गंधकाची धुरी द्या, उशीर झाला तर सगळीकडे पसरेल. तिनं मामांना उलट फोन लावला, तो नुसता वाजत राहिला. बुरशीचा प्रश्न होता, वाट पाहण्यात अर्थ नव्हता. तिनं दार लावून धुरी दिली.

त्याच संध्याकाळी मामा घरात जमिनीवर पडलेले सापडले. मेंदूत गुठळी झाली होती. उजवी बाजू लुळी पडली आणि वाचा गेली.

"मग सगळ्यांच्या लक्षात आलं," ती म्हणाली, "की बुरशीची शंका होती ती शेजारच्या खोलीत. आदल्याच दिवशी मामा मला म्हणाले होते, पोरी, हिरवे मलूल झालेत."

"हिरवे?"

"पानटोळ. मामा त्यांना हिरवे म्हणतात. आणि पाणटोळांना वल्हेवाले. त्यांचे मागचे पाय वल्ह्यासारखे चपटे असतात ना."

"पहिल्यापासून असंच म्हणतात?"

"नाही, हल्लीच. कीटकघरात आता आम्हीही तेच म्हणतो."

म्हणजे सगळ्यांनी काढलेला अर्थ सरळ होता. मामा 'पानटोळ' म्हणाले, मध्ये कुणाच्या तरी कानात न चा ण झाला, आणि नको ते मेले. टेलिफोनबाई म्हणत, ऐकलं तेच सांगितलं. मुलगी म्हणत होती, ऐकलं तेच केलं. केंद्राच्या मोठ्या साहेबांनी निवाडा दिला की काडी जिनं ओढली, चूक तिची. तिला घरी बसवलं.

वहिनींनी विचारलं की मेलेल्या टोळांचं कुणाला काय सोयरसुतक होतं. मुलीनं सांगितलं की पुढच्या आठवड्यात बाहेरगावची तज्ज्ञ मंडळी यायची होती. तळ्याभोवती भाताची शेतं आहेत. पाणटोळ भाताला तोंड लावत नाही ना, ही चाचणी त्यांच्यासमोर व्हावी आणि मगच टोळ तळ्यात सोडावेत असा मामांचा हट्ट होता. खरं तर ही चाचणी धाकट्या सरांनी, म्हणजे मामांच्या खालोखालच्या शास्त्रज्ञांनी, एकदा केली होती. पण मामांचं समाधान झालं नव्हतं.

"तुला मामा पोरी म्हणतात?" वहिनींनी मध्येच विचारलं.

मुलगी गोंधळली. "लहानपणापासून चिमणी म्हणायचे. हल्ली पोरी म्हणतात. हल्ली ते बोलतातच कमी, फोनवर तर मलाच पुढे करतात. माझं काहीतरी चुकलं असेल. म्हणून तर परवा वाटलं, मामांनी स्वतः फोन केला म्हणजे गोष्ट गंभीरच असणार."

वहिनींच्या येरझारा थांबल्या. भाऊजींनी ते पाहिलं आणि निमूटपणे चपला शोधायला गेले. वहिनी थांबल्या म्हणजे आता निघायचं, एवढं त्यांना इतक्या वर्षांत कळलं होतं.

*

वाटेत इस्पितळ लागत होतं. मामा उशांना टेकून पडले होते. चेहऱ्याची एक बाजू ओघळलेली, पण डोळे जागे आणि अस्वस्थ. मुलीला पाहताच ते काही बोलायला गेले आणि नुसता घशातला आवाज निघाला. तिनं त्यांचा हात धरला आणि तोंड फिरवलं.

भाऊजींना अशा प्रसंगी कुठे बघावं ते कळत नसे, म्हणून ते दातांकडे बघत. उशाशी पेल्यात मामांची कवळी बुडवून ठेवली होती. भाऊजींनी पेला उजेडात धरला आणि त्यांच्या कपाळाला आठ्या पडल्या.

"कुणा सुतारानं केली का ही?" बाहेर आल्यावर ते पुटपुटले. "टाळूवर केवढी जाड! माणसाच्या तोंडात जीभही असते, तिला वळायला जागा नको?"

मुलीनं सांगितलं की कवळी काही महिन्यांपूर्वीच बसवली होती, आणि तेव्हापासून मामा लाजतात, लोकांसमोर तोंड उघडत नाहीत. वहिनींनी मान डोलावली आणि रस्त्यावर अशा झपाझप चालू लागल्या की भाऊजींना धावावं लागलं.

*

टेलिफोनबाई फाटकाजवळच्या छोट्या खोलीत, खिडकीशी बसत. बाई ठसठशीत होत्या आणि चिडलेल्या होत्या. सगळे त्यांना एकच समजावत होते की बाई, ऐकण्यात चूक होते, माणूस आहे, कबूल करून टाका, कुणी तुम्हाला खाणार नाही.

"पण मी का कबूल करू?" त्या वहिनींना म्हणाल्या. "आवाज बसलेला होता, सर्दी झाल्यासारखा. पण शब्द स्वच्छ. 'मामा बोलतोय. पाणटोळांना बुरशी लागली आहे. धुरी द्या.' ण असा, की नगाऱ्यावर टिपरी पडावी. मी मुद्दाम विचारलं, पाण्यातले ना? तर म्हणाले, हो, हो, पाणटोळ."

"मामा नेहमी फोन करतात?"

हल्ली करत नाहीत, बाई म्हणाल्या. त्यामुळे आवाज ऐकून बरंच वाटलं. पूर्वी मात्र तासन्‌तास बोलत, विशेषतः धाकट्या सरांशी. आता त्या दोघांचा वर्षभर अबोला आहे. एकमेकांना काही सांगायचं असेल तर ते या मुलीमार्फत. धाकटे सर तर कीटकघरात पाऊलही टाकत नाहीत. वाद कशावरून झाला ते बाईंना माहीत नव्हतं. शास्त्रज्ञांचे वाद, त्या म्हणाल्या, देवालाही कळत नाहीत.

तिथून वहिनी काठावर गेल्या. जलपर्णी उपसणारं यंत्र चिखलात उभं होतं आणि त्याचा मालक, ज्याला सगळे यंत्रवाला म्हणत, चाकाशी उकिडवा बसून साखळी घट्ट करत होता. तळं किड्यांनी साफ केलं असतं तर त्याचं काम गेलं असतं. भाऊजींनी त्याला पाहताच मनातल्या मनात निकाल लावून टाकला.

"पानी साफ करनं हा माझा धंदा," यंत्रवाला हात पुसत म्हणाला. "किडे मारनं नाही. म्हाताऱ्याशी भांडन झालं माझं, खोटं कशाला बोलू? मागच्या आठवड्यातच झालं, इथंच. मी म्हनालो, तुमचे किडे उद्या आमच्या शेतात घुसले तर कोन बघनार? तर तो माझ्याकडे नुसता बघत राहिला. म्हनाला, 'विचार बरोबर आहे तुझा.' आता याला भांडन म्हनायचं का, तुम्हीच सांगा."

"परवा दुपारी तुम्ही कुठे होतात?"

तो इथंच होता, एकटा. खिशात फोन होता. साक्षीदार नव्हता. वहिनींनी त्याचे आभार मानले आणि भाऊजींनी कोपरानं ढोसलं तरी लक्ष दिलं नाही.

"वहिनी, हाच," भाऊजी जिना चढताना म्हणाले. "कारण आहे, फोन आहे, भांडण आहे. अजून काय हवं?"

"तुमचे कान तपासायला हवेत," वहिनी म्हणाल्या.

धाकटे सर वरच्या मजल्यावर बसत. माणूस नीटनेटका, आणि बोलणं इस्त्री केल्यासारखं. एकेक अक्षर सुटं ऐकू येई. त्यांनी खुर्च्या दिल्या, मामांची चौकशी केली. पण हात टेबलावर ठरत नव्हते. टाचणीची डबी उघडत होते, मिटत होते. मामांशी वर्षभर एक शब्द बोलणं नव्हतं, आणि आता बोलायचं म्हटलं तरी ते बोलू शकत नाहीत, याचं आपल्याला फार वाईट वाटतं, असं ते म्हणाले. ते वाईट वाटणं खरं होतं, हे भाऊजींनाही दिसलं.

वहिनींनी भाताच्या चाचणीबद्दल विचारलं.

"मीच केली होती, इथे, माझ्या खोलीत," धाकटे सर म्हणाले. "टाकीत भाताची रोपं लावली आणि त्यांवर पाणटोळ सोडले. त्यांनी एकही पान कुरतडलं नाही. उपाशी राहिले, अशक्त होऊन पाण्यात पडले आणि बुडून मेले. यापेक्षा स्पष्ट पुरावा कोणता हवा?"

"आणि आज संध्याकाळी काय जाळणार आहात?"

"पाणटोळांच्या टाक्यांतली झाडं. बुरशीचे कण राहिले असतील तर धोका नको. मोठ्या साहेबांना मीच तसं सुचवलं."

वहिनी उठल्या. दाराशी त्यांनी वळून विचारलं की मेलेले टोळ त्यांनी कुणाला दाखवले होते का. धाकट्या सरांची डबी हातातून निसटली आणि टाचण्या जमिनीवर पसरल्या. नाही, ते वाकून गोळा करत म्हणाले, फेकून दिले.

*

कीटकघराचं छत काचेचं होतं. दुपारच्या उन्हात टाक्यांतली जलपर्णी ताजी दिसत होती, जणू काही झालंच नव्हतं. मुलीनं एका ताटातले मेलेले पाणटोळ दाखवले. बोटाएवढे, आणि मागच्या पायांची नळी खाली पसरट होत गेलेली.

तिनं सांगितलं की हे टोळ घाबरले की उडून जात नाहीत. देठावरून सरकत पाण्यात शिरतात, देठाला घट्ट धरून खाली बसतात आणि धोका टळला की वर येतात. पाण्यात पडलेच तर वल्हवत काठाला लागतात.

"म्हणजे बुडत नाहीत?"

"बाई, पाणटोळ बुडत नाही, बुडी मारतो," मुलगी म्हणाली, आणि दोन दिवसांत पहिल्यांदा तिच्या तोंडावर हसू उमटून गेलं. "धुरातही त्यांनी तेच केलं असणार. पण दम संपल्यावर वर आले आणि वर धूरच होता."

वहिनी टाकीवर वाकल्या. मग त्यांनी विचारलं की ही झाडं जाळायला तिचा विरोध का आहे. मुलीनं जलपर्णीचा एक फुगीर देठ उचलला. मादी देठाला भोक पाडते, ती म्हणाली, आणि अंडी आत घालते. पाण्याखाली, देठाच्या पोटात. तिथे धूर पोचला नसेल तर ती जिवंत असतील. हे तिनं सगळ्यांना सांगितलं होतं, पण अपराध्यानं अक्कल शिकवू नये असं तिला ऐकवण्यात आलं.

"आता मोठ्या साहेबांना बोलाव," वहिनी म्हणाल्या. "आणि बाकीच्यांनाही."

*

सगळे टाक्यांभोवती उभे राहिले. मोठे साहेब घड्याळाकडे बघत होते. यंत्रवाला दाराला टेकून उभा होता, टेलिफोनबाई त्याच्यापासून लांब, आणि धाकटे सर खिडकीशी. वहिनी एका जागी उभ्या राहून बोलूच शकत नसत, त्या टाक्यांच्या मधून फिरत बोलल्या.

"तुम्ही सगळे एकच प्रश्न विचारत होतात," त्या म्हणाल्या. "ऐकण्यात चूक कुणाची? मी वेगळा प्रश्न घेतला. चूक झाली होती का? या दोघींना प्रत्येकानं पळवाट दाखवली. ऐकण्यात गफलत झाली म्हणा, सुटाल. खोटं बोलणारीनं ती पळवाट आनंदानं धरली असती. या दोघी नाही म्हणाल्या. तेव्हा मी मानलं की त्यांनी बरोबर ऐकलं. फोनवरचा माणूस पाणटोळच म्हणाला."

"मग मामाच चुकून तसं म्हणाले असतील," मोठे साहेब म्हणाले.

"भाऊजी, सांगा यांना. मामांची कवळी तुम्ही पाहिलीत."

भाऊजी दचकले. सकाळपासून आपण काय पाहिलं याचा त्यांना आत्ता उलगडा होत होता. त्यांनी स्वतःच्या तोंडात जीभ वळवून पाहिली, आणि त्यांचा चेहरा उजळला.

"ण म्हणायचं तर जिभेचं टोक मागे वळून टाळूला लागायला हवं," ते सावकाश म्हणाले. "ट आणि ळ यांचंही तेच. त्या कवळीनं टाळू भरून टाकली आहे. जीभ वळणारच नाही. त्या माणसाच्या तोंडून पाणटोळ निघणार नाही. पानतोल निघेल."

"आणि पानटोळही पानतोलच निघेल," वहिनी म्हणाल्या. "दोन्ही नावं एक होतील. कीटकघरात याहून धोक्याचं काय? म्हणून मामांनी ती नावंच टाकली. वल्हेवाले आणि हिरवे. म्हणून बघा त्या शब्दांत जीभ कुठे वळते का."

धाकटे सर म्हणाले की घरी फोन करताना मामांनी कवळी काढलेली असेल. वहिनींनी नुसतं भाऊजींकडे पाहिलं. आता भाऊजींना थांबवणं कठीण होतं.

"मग ण येईल, पण द आणि ध जातील," ते म्हणाले. "त्यांना वरचे दात लागतात. बाईंनी 'धुरी द्या' स्वच्छ ऐकलंय. दात असतील तर ण नाही, दात नसतील तर द नाही. दोन्ही एका दमात म्हणणारा माणूस मामा नव्हे."

मुलगी वहिनींकडे बघत होती.

"हो," वहिनी तिला म्हणाल्या, आणि त्यांचा आवाज खाली आला. "चिमणीत ण आहे. तो म्हणायला गेलं की चिमनी होतं, धुराडं. पोरी म्हणणं सोपं. तुझं काही चुकलेलं नव्हतं, बाळ."

मुलगी स्टुलावर बसली. तिनं टोळ उचलायचा चिमटा हातात घेतला, परत ठेवला, आणि ओंजळीत तोंड लपवलं. टेलिफोनबाई जाऊन तिच्या पाठीवर हात ठेवून उभ्या राहिल्या.

"तर फोन दुसऱ्या कुणी तरी केला," वहिनी पुढे म्हणाल्या. "आवाज बसल्याचं सोंग घेऊन. भाऊजींच्या मते या यंत्रवाल्यांनी. पण यांच्या जिभेवर ण कधी येतच नाही. पानी, भांडन, कोन. माणूस नक्कल करताना घसा बदलतो, पण स्वतःची अक्षरं बदलायचं त्याला सुचत नाही, कारण ती त्याला ऐकूच येत नाहीत. यांनी फोन केला असता तर बाईंनी पानटोळ ऐकलं असतं आणि शेजारची खोली धुपली असती. शिवाय हे मागच्या आठवड्यातच मामांशी बोलले होते. मामांचं आताचं बोलणं यांना माहीत होतं. फोन करणाऱ्याला ते माहीत नव्हतं. त्याच्या कानात जुने मामा होते."

यंत्रवाल्यानं दाराला टेकलेली पाठ सरळ केली.

"ज्याला मामांचा जुना आवाज चांगला ठाऊक, नवा अजिबात नाही. ज्यानं वर्षभर त्यांचं बोलणं ऐकलेलं नाही आणि कीटकघरात पाऊल टाकलेलं नाही, म्हणून वल्हेवाले हे नावही ज्याच्या कानी गेलेलं नाही. ज्याचा ण नगाऱ्यावरच्या टिपरीसारखा आहे." वहिनी खिडकीपाशी थांबल्या. "सर, सगळ्यांसारखं तुमचंही म्हणणं होतं की मामांना पानटोळ म्हणायचं होतं. म्हणजे बुरशी असलीच तर शेजारी. मग इकडची झाडं का जाळायची?"

धाकट्या सरांनी तोंड खिडकीकडे वळवलं.

"कारण देठांत अंडी आहेत हे तुम्हाला ठाऊक आहे. त्यातून पिल्लं निघाली की भाताची चाचणी पुन्हा होणार. आणि तुमची चाचणी खोटी होती. भातावर सोडलेले पाणटोळ बुडून मेले म्हणालात. या मुलीला विचारा ते बुडतात का."

मुलीनं मान वर केली. "बुडून मेले? असं सांगितलं तुम्ही?"

मग धाकटे सर बोलू लागले, आणि त्यांचं ते इस्त्रीचं बोलणं पार चुरगळलं होतं. पहिल्या चाचणीच्या आधीच त्यांनी भर सभेत सांगून टाकलं होतं की हा टोळ भात खाणार नाही. टाळ्या पडल्या होत्या. नंतर टाकीतल्या भाताच्या कडा कुरतडलेल्या दिसल्या. त्यांनी रोपं उपटून टाकली, टोळ फेकून दिले. मामा म्हणाले, मेलेले दाखव. त्यावरून बिनसलं. पुढे तळ्यात टोळ सोडायची वेळ जवळ आली तशी त्यांची झोप उडाली. टोळ सुटले तर शेतं जातील, चाचणी झाली तर आपण जाऊ. मामा नंतर फोन नाकारतील, आणि संशय यंत्रवाल्यावर जाईल, असा त्यांचा हिशेब होता. मामांना झटका येईल हे त्यांना काय माहीत. आणि तो आल्यावर सगळे आपणहूनच म्हणू लागले की ऐकण्यात चूक झाली.

"मी शेतं वाचवली," ते शेवटी म्हणाले. "तेवढं तरी धरा."

"शेतं वाचवायला तोंड उघडलं असतं तरी पुरलं असतं," वहिनी म्हणाल्या. "तुम्ही ते दुसऱ्याच्या आवाजात उघडलंत."

मोठ्या साहेबांनी झाडं जाळायचं रद्द केलं. मुलीची माफी मागताना त्यांना शब्द सापडेनात, तेव्हा तिनंच त्यांना थांबवलं. तिला टाक्यांचं पाणी बदलायचं होतं.

*

अंडी जिवंत निघाली. पिल्लं देठाला भोकं पाडून बाहेर आली, आणि ती जरा मोठी झाल्यावर बाहेरगावच्या मंडळींसमोर चाचणी झाली. ती मुलीनं स्वतः केली. जलपर्णी असेपर्यंत पाणटोळांनी भाताकडे पाहिलं नाही. ती काढून घेतल्यावर मात्र त्यांनी भात खाल्ला, आवडीनं नव्हे, पण खाल्ला.

मुलीनं इस्पितळात जाऊन मामांना ते सांगितलं. मामांनी बराच वेळ डोळे मिटून घेतले. मग डाव्या हातानं चादरीवर एकेक अक्षर गिरवलं. लोकांना तू सांग.

म्हणून तळ्याकाठी सभा भरली. वहिनी आणि भाऊजी मागच्या रांगेत होते. शेतकरी आले होते, मासे धरणारे आले होते, यंत्रवाला आला होता. मुलीनं काही आडपडदा ठेवला नाही. टोळ सोडणार नाही, ती म्हणाली. आमच्याकडून आधी खोटं सांगितलं गेलं होतं. हे खरं आहे.

कुजबुज झाली. एक म्हातारी कोळीण उठली. तिची होडी जलपर्णीत अडकून कितीतरी दिवस जागची हलली नव्हती.

"मग आमच्या तळ्याचं काय?"

"मला माहीत नाही, आजी," मुलगी म्हणाली. "अजून माहीत नाही."

म्हातारीनं तिच्याकडे पाहिलं, जणू वजन करत होती. मग ती वळली, काठावर गेली आणि गुडघाभर पाण्यात उतरून होडीभोवतीची जलपर्णी हातानं उपटायला लागली. मुलगी तिच्यामागे गेली. यंत्रवाला काही क्षण चुळबुळला आणि यंत्राकडे न जाता तसाच पाण्यात शिरला. एकेक करून आणखी माणसं उतरली.

भाऊजींच्या शेजारची खुर्ची रिकामी झाली होती. वहिनी काठावर चपला काढत होत्या.

"वहिनी, तुम्हाला पोहता येत नाही," भाऊजी ओरडले.

"उपटता तर येतं," वहिनी म्हणाल्या आणि पाण्यात उतरल्या.